काळ बिघडलाय की वाटी?

प्रश्न: नमस्कार ताई, मी बारावीत आहे आणि जादूची कादंबरी लिहितेय, अर्धी वही भरलीये. त्यात आजोबांच्या ट्रंकेत एक पितळी तबकडी सापडते. आसपास काळात काही गडबड झाली, म्हणजे कोणी मागच्या काळात जाऊन आलं किंवा एखादी दुपार दोनदा झाली, की तिच्यातला लाल खडा पेटतो आणि काटा गरागरा फिरतो. नाव ठेवलंय कालविक्षोभमापक. पण माझ्या भावाने सगळ्यावर पाणी फिरवलं, तो म्हणतो काळच अडखळला तर तबकडी पण त्याच काळात बसलीये ना, ती पण सोबतच अडखळणार, मग तिला कळणार कसं? आता पुढे पेनच चालेना.
— एक वाचक, वसमत

उत्तर: भावाला माझ्यातर्फे एक चहा पाज, कारण पोरगं बरोबर बोलतंय. एकटी तबकडी काहीच सांगू शकत नाही. तू रेल्वेत डोळे मिटून बसलीस आणि गाडी एकसारखी पळतेय तर वेग कळतो का? खिडकीबाहेरचा खांब लागतो. तसा तुझ्या तबकडीला खांब पाहिजे, म्हणजे दुसरी तबकडी, लांब कुठेतरी ठेवलेली, आणि गडबड मोजायची ती दोघींच्या फरकात.

आणि हे मी जादू म्हणून नाही सांगत, खऱ्या जगात पण असंच करावं लागतं. 1971 सालच्या ऑक्टोबरात हाफेले आणि कीटिंग या दोन अमेरिकन शास्त्रज्ञांनी सीझियमची चार अणुघड्याळं चक्क प्रवासी विमानात सीटवर बसवून पृथ्वीभोवती फिरवली, तिकिटं म्हणे 'मिस्टर क्लॉक' नावाने काढली होती. एकदा पूर्वेकडे, एकदा पश्चिमेकडे. परत आल्यावर वॉशिंग्टनला घरी बसलेल्या घड्याळांशी ताडून पाहिलं तर पूर्वेकडच्या फेरीत ती सुमारे 59 नॅनोसेकंद (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग) मागे पडली आणि पश्चिमेकडच्या फेरीत सुमारे 273 नॅनोसेकंद पुढे गेली. विमानातल्या घड्याळांना स्वतःला काही म्हणजे काही जाणवलं नव्हतं, त्यांच्या दृष्टीने सगळं ठणठणीत चालू होतं! घरी कोणी घड्याळ ठेवलंच नसतं तर हा फरक कुणाला कळला असता सांग.

तुझ्या वसमतपासून तर लांब पण नाही, औंढा नागनाथजवळ लायगो-इंडियाची, म्हणजे अवकाश-काळातल्या लाटा पकडणारी, वेधशाळा उभी राहायचीये, 2023 च्या एप्रिलमध्ये केंद्राने 2600 कोटी मंजूर केलेत. ते यंत्र म्हणजे काटकोनात 4-4 किलोमीटरचे दोन हात, दोन्हीत लेझर आरशावर आपटून परत येणार. दूर कुठेतरी दोन कृष्णविवरं एकमेकांवर आदळली की अवकाश-काळाला हेलकावा बसतो, एक हात किंचित लांबतो, दुसरा आखडतो, आणि फरक मोजायचा. परत तेच, दोन हात. पण मज्जा पुढे आहे. जवळून ट्रक गेला तरी तो आरसा थरथरतो, मग खरी लाट कोणती आणि ट्रक कोणता? म्हणून अमेरिकेत तशी दोन यंत्रं आहेत, एकमेकांपासून 3000 किलोमीटरवर. 14 सप्टेंबर 2015 ला पहिली लाट सापडली ती दोन्हीकडे उमटली, साधारण 7 मिलिसेकंदांच्या अंतराने. एकाच ट्रकला ते जमणार नाही.

आता तबकडी, काटा, लाल खडा हे सगळं मला जरा सिरियलमधलं वाटतं, राग नको मानू. आपल्याकडे घटिकापात्र असताना तबकडी कशाला? तळाला बारीक भोक पाडलेली वाटी, पाण्याच्या घंगाळात सोडायची, भरून बुडली की एक घटका झाली, म्हणजे 24 मिनिटं. लग्नाचा मुहूर्त त्यावर साधायचे. मी लहानपणी ऐकलं होतं म्हणून लॉकडाऊनमध्ये स्वयंपाकघरात करून पाहिलं, स्टीलची जुनी वाटी, खिळ्याने भोक, पातेल्यात सोडली तर तीन मिनिटांत गुडुप. परत सोडली, परत तीन. तिसऱ्यांदा वाटी नुसती तरंगतेय, तरंगतेय, दहा मिनिटं झाली, मी घड्याळाकडे बघतेय, क्षणभर खरंच अंगावर काटा आला, आणि मग दिसलं की भोकात जिऱ्याचा दाणा अडकलाय.

लीलावतीची गोष्ट तुला माहीत असेलच. भास्कराचार्यांनी मुलीच्या लग्नाचा नेमका मुहूर्त काढला, घटिकापात्र लावलं, ती वाकून बघायला गेली आणि दागिन्यातला मोती भोकात जाऊन बसला. वाटी बुडलीच नाही, मुहूर्त टळला. (लीलावती ग्रंथ 1150 चा, त्यात ही गोष्ट नाहीच हं, ती येते 1587 च्या, अकबराच्या दरबारातल्या फैजी या कवीच्या फारसी भाषांतरात.) तुझी कादंबरी खरं तर इथेच आहे. वाटी बुडायला उशीर झाला, म्हणजे काळ थांबला की मोती अडकला? थंडीत पाणी जरा जड वाहतं, त्यानेही वाटी उशिरा भरते. तुझ्या नायिकेला हे दर वेळी तपासावं लागू दे, घाईत एकदा चुकू दे, जिऱ्यासाठी गाव जागं करू दे. आणि शेवटी एकदा भोक स्वच्छ, पाणी कोमट, आणि तरीही दोन गावांतल्या दोन वाट्या एकमेकींशी जुळत नाहीत... मी तिथे पान उलटणारच.

बिघाड मोजायला एककं पण तयार आहेत, 60 पळं म्हणजे एक घटका, 60 विपळं म्हणजे एक पळ, त्यामुळे तीन पळांची खोट म्हणजे 72 सेकंद. छान वाटतं ना वाचायला?

प्रश्न: मुंबईची वेळ कधीकाळी 39 मिनिटं मागे होती हे खरं का?
— एक वाचक, ठाणे

उत्तर: खरंय. 1906 ला भारतीय प्रमाणवेळ आली तरी मुंबईने आपली बॉम्बे टाइम 1955 पर्यंत धरून ठेवली, ग्रिनिचच्या 4 तास 51 मिनिटं पुढे, म्हणजे प्रमाणवेळेच्या 39 मिनिटं मागे. वसमतच्या मुलीने पण हे वाचावं. दोन घड्याळांत कायम 39 चा फरक आहे तर काळाला काही झालेलं नाही, नुसता हट्ट आहे. काल 39 होते आणि आज 40 झाले, तर मात्र आधी भोक तपास आणि मग घाबर.

आणि हो, ते कालविक्षोभमापक हे नाव बदल बाई, सरकारी टेंडर वाटतंय. आजोबा त्याला नुसतं 'वाटी' म्हणत असतील बघ. दुसरी वाटी कुणाच्या घरी आहे ते ठरलं की कळव.