युवारंगच्या आधी फडात झील धर

प्रिय पोऱ्या,

राम राम. मेसेज वाचला तुझा, खूप बरं वाटलं. युवारंगला, म्हणजे विद्यापीठाच्या युवक महोत्सवाला, वीस मिनिटांचा तमाशा बसवायचाय, गण, गवळण, बतावणी, वग सगळं घ्यायचंय आणि वरून काहीतरी नवीन पण करायचंय म्हणतोस. कर. पण वीस मिनिटात चारही कोंबू नको रे भो, धड एकही रंगणार नाही.

मी म्हणतो बतावणी धर, म्हणजे सोंगाड्याची, विनोदी नटाची, हसवणारी बोलाचाली. गाणी कुठून पण मिळतील, मोबाईलवर पण सापडतात, पण बतावणी कागदावर नसतेच फारशी. जुन्या फडात, म्हणजे तमाशाच्या मंडळीत, तर वगाची, शेवटच्या नाटकाची, पण नुसती गोष्ट सांगून ठेवायचे आणि संवाद ज्याने त्याने स्टेजवर उभं राहून जुळवायचे. म्हणून जुना सोंगाड्या घरी बसला की त्याच्याबरोबर तासन् तासाचा मजकूर जातो आणि आपण मात्र लावण्यांचे व्हिडिओ काढत बसतो, याचं मला फार वाईट वाटतं.

तू असं कर, आपल्या भागातल्या एखाद्या फडात ओळख काढ आणि जमेल तेवढ्या जत्रांना मागे झील धरायला, म्हणजे गाण्याची ओळ मागून उचलायला, उभा राहा. दसऱ्यापासून बुद्धपौर्णिमेपर्यंत फड फिरतात, कॉलेज सांभाळून होतं. पुढे बसून नुसता हशा ऐकू येतो, मागून दिसतं की सोंगाड्या कुठे थांबला, ढोलकीवाल्याकडे कधी बघितलं, पब्लिक थंड आहे म्हणून कुठला तुकडा गाळला.

आणि एकच बतावणी वेगवेगळ्या गावात रेकॉर्ड कर, हे विसरू नको. अमळनेर-पारोळ्याकडे अहिराणीत "कथा चालना रे भो?" म्हटलं की अर्धी जत्रा आपली होते, रावेर-यावलकडे लेवा बोली, विषय पण केळीचा, आणि शहादा-तळोद्याकडे गेलास तर गुजर बोली, भिलोरी, पावरी, तिथे सोंगाड्याला कान वेगळा ठेवावा लागतो. कापसाचा भाव मात्र सगळीकडे चालतो! हे नीट ऐकलंस तर नवीन काय करायचं ते मला विचारावं लागणार नाही, कारण बतावणीत आजचा विषय घालायला पहिल्यापासूनच जागा आहे. पीकविमा घाल, मोबाईलचं कर्ज घाल, मुली मिळत नाहीत म्हणून लग्नं अडलेली पोरं घाल. फक्त बायकांवरचे घाणेरडे विनोद काढून टाक, परंपरेचं नाव सांगून ते ठेवू नको.

वगाचं काम अवघड आहे. पूर्वी जेवणं झाल्यावर उभा राहिलेला तमाशा पहाटेपर्यंत चालायचा, आता 2000 च्या ध्वनिप्रदूषण नियमांमुळे रात्री दहानंतर स्पीकर बंद, वर्षातले थोडे दिवस बारापर्यंत सूट मिळते तेवढीच. म्हणजे रात्रभराचा वग दीड-दोन तासात बसवायला कोणीतरी शिकलं पाहिजे, आणि ते तुझ्यासारख्या लिहित्या पोराने केलं तर फडाला खरंच उपयोग होईल. फडमालकाला विचार, कुठला वग अर्धवट सोडावा लागतो, आणि तोच घे हातात.

पैशाचं आधीच बोल. ही माणसं उचल घेऊन सीझन काढतात, त्यांची कला फुकट शूट करून युट्यूबवर टाकू नको, विचारून घे, मानधन दे, नाव लाव.

आखाजीला गावी आलास की रेकॉर्डिंग घेऊन ये, आपण दोघं बसून ऐकू आणि कुठली बतावणी घ्यायची ते तेव्हाच ठरवू.

तुझा,
काका