लोकांनी काढलेले 'आमची वस्ती'चे नकाशे जीआयएसमध्ये (संगणकावरच्या नकाशा-प्रणालीत) कसे घ्यायचे? त्याऐवजी वॉर्डची हद्द चालेल का?

वॉर्डची हद्द चालणार नाही. प्रत्येकाकडून छापील नकाशावर वस्तीची रेघ मारून घ्या आणि ती क्यूजीआयएस या नकाशा-सॉफ्टवेअरमध्ये बहुभुज (बंद आकृती) म्हणून गिरवा. वॉर्ड लोकसंख्येच्या हिशोबाने पाडलेला असतो. माणसं मात्र नाला, रेल्वेलाइन, देऊळ यांवरून 'आपलं' कुठे संपतं ते ठरवतात. शिवाय हद्द सरकवली की त्याच माहितीतून वेगळी टक्केवारी निघते.

- ए-३ कागद, १:५००० प्रमाण. यात साधारण दोन गुणिले दीड किलोमीटर भाग मावतो. दुकानं, देवळं ठळक छापा, नाहीतर लोक चाचपडतात.
- स्कॅन करून जिओरेफरन्सरमध्ये (स्कॅन खऱ्या जागेवर बसवणारं क्यूजीआयएसमधलं साधन) किमान ४, शक्यतो ६ नियंत्रण बिंदू (ज्यांची खरी जागा माहीत आहे अशा खुणा) द्या, तेही कागदभर पसरलेले.
- निर्देशांक-प्रणालीचा क्रमांक (ईपीएसजी) पुण्या-मुंबईसाठी ३२६४३, नागपूरकडे ३२६४४. ४३२६ (अक्षांश-रेखांश) वर ठेवलंत तर जाळीचं माप मीटरऐवजी अंशांत जातं आणि सगळं फसतं.
- ५० मीटरची जाळी टाकून प्रत्येक चौकोनावर किती जणांचे बहुभुज येतात ते मोजा. बहुभुज आधी 'डिझॉल्व्ह' करू नका (म्हणजे एकत्र विरघळवून एकच आकृती करू नका), मोजायचं असतं तेच पुसलं जातं. ३० पैकी २५ जणांचा चौकोन म्हणजे गाभा, ५-६ जणांचा म्हणजे वादाची कड. खरी माहिती बहुधा या कडेलाच सापडते.

हे फक्त छापील नकाशावरच्या रेघांना लागू. कोऱ्या कागदावर रोजचा रस्ता ऐसपैस आणि अनोळखी भाग आक्रसलेला येतो. तो नकाशा ताणूनताणून बसवू नका, त्यातून खुणा आणि त्यांचा क्रम तेवढा घ्या.