ॲप म्हणतं डोळे मिचकवा, वडिलांना ते जमत नाही, पेन्शन बंद

सातारा जिल्ह्यातल्या एका ताईंनी लिहिलंय. वडील ६६ वर्षांचे, एमआयडीसीतल्या कंपनीतून रिटायर झालेले, ईपीएस ९५ ची (म्हणजे पीएफ ऑफिसकडून मिळणारी कर्मचारी पेन्शन योजनेची) २,३०० रुपये पेन्शन आहे. मागच्या वर्षी अर्धांगवायूचा झटका आला, उजवी बाजू गेली, बोलता येत नाही पण समजतं सगळं. हयातीचा दाखला द्यायचा राहिला आणि चार महिने झाले पेन्शन बंद आहे. सीएससी सेंटरवर (गावातलं सरकारी ऑनलाइन सेवा केंद्र) बोटाचे ठसे मॅच होत नाहीत, मोबाईलवर चेहरा स्कॅन करायला गेलं तर उजवा डोळा मिटत नाही म्हणून फेल. बँक म्हणते पीएफ ऑफिसला जा, तिथे म्हणतात आता सगळं ऑनलाइन आहे. भाऊ म्हणतोय मुखत्यारपत्र करू, मग मीच दाखला देतो. आणि शेवटी विचारलंय, अपंगत्वाची वेगळी पेन्शन मिळेल का?

ताई, आधी एक, चार महिन्यांचे पैसे कुठे जात नाहीत. दाखला नाही म्हणून पेन्शन थांबते, रद्द होत नाही, दाखला लागला की मागची थकबाकी पण जमा होते. आणि नोव्हेंबरची वाट बघत बसू नका, नोव्हेंबर हा सरकारी पेन्शनरांचा महिना. ईपीएसवाल्यांना वर्षभरात कधीही दाखला देता येतो आणि तो दिल्या तारखेपासून बारा महिने चालतो, हे न कळल्यामुळे दर वर्षी कितीतरी लोकांचं तुमच्या वडिलांसारखं होतं.

भावाला सांगा मुखत्यारपत्राचा खर्च वाचव. वडील जिवंत आहेत हे वडिलांनीच दाखवायचं असतं, त्यांच्या वतीने दुसरा कोणी कसा जिवंत असणार? बँकेच्या इतर कामांना मुखत्यारपत्र चालतं, पण वडिलांना समजतंय तोवरच, कारण करार कायद्याच्या कलम २०१ प्रमाणे माणसाची समज गेली की ते आपोआप संपतं. आज त्यांना समजतंय, म्हणजे डाव्या हाताचा अंगठा त्यांचा स्वतःचा आहे आणि तो कायद्याने पूर्ण चालतो. (भावावर माझा काही राग नाही, पण 'मीच बघतो सगळं' यातून पुढे काय काय होतं ते कोर्टात रोज दिसतं.)

आता मुद्द्याचं. 'ऑनलाइनच करा' असं काउंटरवरून कोणी म्हणालं तरी कायदा तसं म्हणत नाही. जीवन प्रमाणसाठी, म्हणजे ऑनलाइन हयातीच्या दाखल्यासाठी, आधार पडताळणी ऐच्छिक आहे आणि ती वापरणाऱ्या संस्थेने दाखल्याचा दुसरा मार्ग पण ठेवायचा, अशी केंद्राची १८ मार्च २०२१ ची अधिसूचना आहे. आणि ३० एप्रिल २०२५ ला सुप्रीम कोर्टाने प्रज्ञा प्रसून विरुद्ध भारत सरकार या केसमध्ये डिजिटल सेवा वापरता येणं हा राज्यघटनेच्या कलम २१ मधल्या जगण्याच्या हक्काचाच भाग धरलाय. ती केस ॲसिड हल्ल्यातून वाचलेल्यांची आणि अंध व्यक्तींची होती, केवायसीला (ग्राहकाची ओळख पटवताना) डोळे मिचकवायला सांगतात त्यावरूनच झगडा. आता हा निकाल केवायसीचा आहे, हयातीच्या दाखल्याचा नाही, हे समोरचा म्हणू शकतो, म्हणून सोबत दिव्यांग हक्क कायदा २०१६ चं कलम ३ पण लिहा, त्यात गरजेप्रमाणे सोय करून द्यायची जबाबदारी सरकारवर टाकलीय.

पण आधी सोपं ते करून बघा. सीएससीवाल्याकडे डोळ्याच्या बुबुळाचा स्कॅनर आहे का विचारा, ठसे आणि चेहरा दोन्ही फेल गेले तरी बुबुळ चालू शकतं. पोस्टमन घरी येऊन दाखला काढतो, इंडिया पोस्ट पेमेंट्स बँकेची सेवा, फी ७० रुपये होती. आणि दाखला निघाला म्हणजे मंजूर झाला असं नाही, पीपीओ नंबरचा (पेन्शनच्या आदेशावरचा नंबर) एक आकडा चुकला तरी रिजेक्ट होतो, तेव्हा दोन-तीन दिवसांनी स्टेटस बघा.

यातलं काहीच नाही जमलं तर कागद. पीएफ ऑफिसच्या नावाने साधा अर्ज करा, पीपीओ नंबर, कोणत्या तारखेला कुठे प्रयत्न केला आणि काय एरर आली, डॉक्टरांचं सर्टिफिकेट, आणि शेवटी स्पष्ट मागणी की हाताने भरलेला दाखला घ्या नाहीतर माणूस घरी पाठवा. दोन प्रती न्या, एकीवर आवक शिक्का घ्या. शिक्का देत नसतील तर स्पीड पोस्टने पोचपावतीसकट पाठवा. तुम्ही चार महिने तोंडी हेलपाटे घातलेत, त्याचा माझ्यासारख्या वकिलाला काडीचा उपयोग नाही. दर महिन्याच्या २७ तारखेला जिल्ह्यात पीएफचं 'निधी आपके निकट' शिबिर असतं, तिथे अधिकारी समोर भेटतो, अर्ज तिथेच दिलात तर आणखी बरं.

बँकेला पण असं सुटू देऊ नका. रिझर्व्ह बँकेचं ९ नोव्हेंबर २०१७ चं परिपत्रक आहे, सत्तरीपुढच्यांना आणि डॉक्टरांनी लिहून दिलेल्या आजारी किंवा अपंग खातेदारांना घरपोच सेवा, त्यात हयातीचा दाखला नाव घेऊन लिहिलाय. वडील सत्तरीचे नाहीत पण दुसऱ्या गटात सरळ बसतात. मॅनेजरला या परिपत्रकाचा उल्लेख करून लेखी द्या, सूर बदलतो, अनुभव आहे.

महिनाभरात हललं नाही तर ईपीएफओच्या, म्हणजे पीएफ खात्याच्या, तक्रार पोर्टलवर तक्रार करा, नंबर जपून ठेवा, मग दिल्लीच्या मुख्य दिव्यांग आयुक्तांकडे जा. पुण्याच्या राज्य आयुक्तांकडे नको, पीएफ केंद्राचं खातं आहे, तिथून परत पाठवतील आणि तुमचे आणखी दोन महिने जातील. ग्राहक आयोग पण उघडा आहे, पीएफ ही सेवा आहे हे सुप्रीम कोर्टाने कधीच मान्य केलंय, आणि एवढ्या रकमेला तिथे फी लागत नाही.

अपंगत्वाच्या पेन्शनचं उत्तर नाही असंच आहे, वाईट वाटून घेऊ नका. ईपीएसमध्ये ती नोकरीत असताना कायमचं आणि पूर्ण अपंगत्व आलं तरच, वडील तर आधीच पेन्शनर. मात्र सिव्हिल हॉस्पिटलमधून यूडीआयडी कार्ड (दिव्यांगांचं ओळखपत्र) काढून ठेवा, ऑनलाइन फॉर्म भरून तपासणीची तारीख मिळते, पुढच्या वर्षीच्या दाखल्याला तेच कार्ड अर्जाला जोडा म्हणजे परत पहिल्यापासून समजावत बसायला नको.

आणि ते फेल झाल्याचे स्क्रीनशॉट मोबाईलमधून डिलीट करू नका, तारखेसकट प्रिंट काढून अर्जाला लावा.