ठाण्यात सही केली, आता शेत गेलं का?

बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात भातशेतीची गावं आहेत. तिथून माझ्याकडं येणाऱ्या बायकांचा एक प्रश्न ठरलेला असतो : ‘पोलिसांनी बोलावून सही घेतली. आता आमची जमीन गेली का?’ त्यातलीच ही एक हकिकत. ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.

मावशींचे यजमान वारलेले, मुलगा गोव्यात कामाला. शेजारी दरवर्षी नांगरट करताना बांध थोडाथोडा कोरायचा. पूर्वी डोक्यावर भारा घेतलेल्या दोन बाया समोरासमोरून जायच्या, त्या बांधावर आता एक पाऊल जेमतेम मावतं. यंदा चिखलणीच्या वेळी मावशी पॉवर टिलरसमोर उभ्या राहिल्या. शिवीगाळ झाली, ‘बघून घेतो’ अशी धमकीही मिळाली. पण ठाण्यात आधी गेला तो शेजारीच. मावशींना बोलावणं आलं, संध्याकाळपर्यंत बाकावर बसवलं आणि एका कानडी कागदावर सही घेतली. दोघांनी भांडायचं नाही, बांध आहे तसा ठेवायचा, असं त्यात असल्याचं तोंडी सांगितलं. मावशींना कानडी बोललेलं कळतं, वाचता येत नाही.

“ताई, आहे तसा म्हणजे कोरलाय तसाच की हो! माझं काय राहिलं मग?”

अन्न गोड लागत नव्हतं, रात्ररात्र जाग. आणि मुलाला सांगायची चोरी, कारण घरातली बाई ठाण्याची पायरी चढली याचीच त्यांना जास्त शरम. त्यांना आधी पोटभर बोलू दिलं. माणूस भेदरलेला असताना कायदा सांगून कानात शिरत नाही.

मग एकेक गोष्ट उलगडली. जमिनीची मालकी नोंदणीकृत दस्तानं बदलते, ठाण्यातल्या कागदानं नाही. मालक कोण हे दिवाणी कोर्ट ठरवतं. मारहाण, धमकी, नासधूस झाली तर ते बघणं पोलिसांचं काम. शेतावरून डोकी फुटायची वेळ आलीच, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 164 खाली (पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं 145) प्रकरण कार्यकारी दंडाधिकाऱ्यापुढं जातं. तोही ताबा कुणाचा एवढंच बघतो, मालकी ठरवत नाही.

पण सहीला काहीच अर्थ नाही, असं मी त्यांना सांगितलं नाही. तो कागद उद्या कोर्टात पुढं येऊ शकतो. म्हणून ‘मला वाचता न येणाऱ्या भाषेतल्या कागदावर सही घेतली, ही हद्द मला मान्य नाही’ असं पत्र वकिलांकडून लिहून घेऊन पोस्टानं ठाण्याला पाठवलं आणि त्या कागदाची नक्कल मागितली. वकिलांची फी लागली नाही. 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानं बाईला उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. भांडण मिटावं असं पोलिसांना वाटत असेल, मी ते नाकारत नाही. पण ज्याला वाचता येत नाही त्याला मजकूर त्याच्या भाषेत वाचून दाखवल्याशिवाय सही घेणं हा अन्यायच आहे. साक्षीदार म्हणून जबाब हवा असेल तर बाईला ठाण्यात यायला भाग पाडता येत नाही, तिच्या घरी जावं लागतं. हेही त्यांना कुणी सांगितलं नव्हतं.

पुढचं काम मोजणीचं. उतारा काढून हद्दबस्तीचा, म्हणजे हद्द मोजून खुणा करून देण्याचा, अर्ज दिला, शेजाऱ्याला नोटीस गेली, मोजणीदार आले. कोरलेला बांध बराचसा मावशींच्याच हद्दीत निघाला. खालच्या कोपऱ्यातलं आंब्याचं झाड मात्र शेजाऱ्याच्या हद्दीत. ते यजमानांनी लावलेलं. मावशींना बांध मिळाल्याच्या आनंदापेक्षा त्या झाडाचंच जास्त लागलं, आणि त्यावर आमच्या बैठकी अजून चालू आहेत.

शेजाऱ्याला मोजणी मान्य नाही, त्यामुळं वकिलांनी मनाईचा दावा घातलाय. तारखा पडत राहतील. धमकीची तक्रार मावशींनी वेगळी दिली. हद्दीचा वाद कोर्टाचा, म्हणून तिच्यात बांधाचं एक अक्षरही घालायचं नाही हे आधीच ठरलं होतं. मुलगा सोबत आला होता. तक्रार मराठीत लिहिली, वाचून सही केली आणि पोच मागून घेतली.