अर्ज भरण्याआधी पात्रता तपासा

आपण महाराष्ट्राची सेट (सहायक प्राध्यापकपदासाठीची राज्यस्तरीय पात्रता परीक्षा) उत्तीर्ण झालात, याचा मला मनापासून आनंद आहे; त्याच बळावर आपण कर्नाटकात अर्ज करू पाहता. परंतु १ जून २००२ नंतरची सेट ज्या राज्याची असते त्याच राज्यात ग्राह्य धरली जाते, त्यामुळे त्या प्रमाणपत्रावर बेळगावच्या राणी चन्नम्मा विद्यापीठात सहायक प्राध्यापकपदाची पात्रता सिद्ध होत नाही. कोल्हापूर जवळचे वाटते म्हणून महाराष्ट्राची सेट देणारी सीमाभागातली आपली कितीतरी मुले येथेच फसतात, आणि त्याचे मला फार वाईट वाटते. नेट, म्हणजे देशभर चालणारी राष्ट्रीय पात्रता परीक्षा, किंवा के-सेट, म्हणजे कर्नाटकाची सेट, द्या. नियम नंतर बदलले म्हणून न्यायालय दिलासा देईल, या भरवशावर राहू नका, पी. सुशीला प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये नेटची अट वैध ठरवली आहे.

दुसरी बाब तारखेची. जाहिरातीत वेगळी तारीख दिलेली नसेल, तर पात्रता अर्जाच्या अंतिम दिनांकास पूर्ण असावी लागते. माझी मौखिक परीक्षा वेळेत झाली होती, पण पीएच.डी.ची अधिसूचना, म्हणजे पदवी जाहीर करणारे विद्यापीठाचे पत्रक, अंतिम दिनांकानंतर नऊ दिवसांनी निघाली आणि एका संस्थेने माझा अर्ज बाद केला. तो कागद मी अजून जपून ठेवला आहे.

अट अन्यायकारक वाटल्यास मुलाखतीपूर्वीच लेखी हरकत नोंदवा, कारण निवडप्रक्रियेत मुकाट्याने भाग घेऊन निवड न झाल्यावर केलेली तक्रार न्यायालये सहसा ऐकत नाहीत. विद्यापीठाच्या पदासाठी कर्नाटक उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात रिट याचिका दाखल करावी लागते, तर सरकारी पदवी महाविद्यालयाच्या पदासाठी आधी कर्नाटक राज्य प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे (सरकारी नोकरीचे वाद ऐकणाऱ्या मंडळाकडे) जावे लागते.