आजोबांची ट्रंक आणि चित्रकाराचे काम

प्रश्न : हल्ली कलाप्रदर्शनांत जुने फोटो, वर्तमानपत्रांची कात्रणे, पत्र्याच्या ट्रंका मांडलेल्या दिसतात. यांतील एकही वस्तू चित्रकाराने घडवलेली नसते, मग त्याला श्रेय कशाचे द्यायचे? आमच्या घरी आजोबांची ट्रंक आहे आणि तिच्यातील फोटो-कागदांतून मुलीला असेच काही करायचे आहे. तिने सुरुवात कोठून करावी?
— एक वाचक, सातारा

उत्तर : आपली शंका रास्त आहे. वस्तू जुनी आहे एवढ्याच भांडवलावर उभ्या राहिलेल्या मांडण्या पुष्कळ असतात. चित्रकाराचा वाटा कोठे असतो, हे मात्र चित्रकार विवान सुंदरम (१९४३–२०२३) यांच्या कामात स्वच्छ दिसते.

१९९२-९३ च्या मुंबईतील दंगलीत रस्त्यावर मरून पडलेल्या एका माणसाचे होशी जाल यांनी टिपलेले छायाचित्र ‘टाइम्स ऑफ इंडिया’त छापून आले होते. सकाळी पाहिलेला असा फोटो एरवी महिनाअखेर रद्दीत जातो. सुंदरम यांनी १९९३ च्या ‘मेमोरियल’ या मांडणीत तोच एक फोटो पुन्हा पुन्हा वापरला आणि त्याच्यावर खिळे ठोकले. हे खिळे फोटोला इजा करतात आणि त्याच वेळी त्या उघड्या पडलेल्या देहावर जणू पांघरूणही घालतात. याच मांडणीत पत्र्याच्या ट्रंका रचून केलेली एक कमानही आहे. फोटो दुसऱ्याचा, ट्रंका बाजारातल्या. पण ज्याचे कोणी स्मारक उभारले नसते अशा माणसाचे स्मारक करण्याचा निर्णय चित्रकाराचा, आणि माझ्या मते श्रेय त्या निर्णयाचे आहे.

दुसरे उदाहरण आपल्या मुलीला अधिक जवळचे वाटेल. सुंदरम यांचे आजोबा उमरावसिंग शेरगिल यांनी स्वतःचे, पत्नीचे आणि अमृता (पुढे विख्यात चित्रकार झालेल्या अमृता शेरगिल) व इंदिरा या मुलींचे असंख्य फोटो काढले होते. इंदिरा या सुंदरम यांच्या आई. २००१ पासूनच्या ‘री-टेक ऑफ अमृता’ या मालिकेत सुंदरम यांनी हे घरचे फोटो संगणकावर जुळवून निरनिराळ्या वर्षांतील माणसे एकाच चौकटीत आणली, त्यामुळे घरातल्यांचे परस्परांतील नाते नव्याने पाहावे लागते.

आता ट्रंकेविषयी. ती रिकामी करण्यापूर्वी आतल्या रचनेचे फोटो काढावेत, कारण कोणता कागद कशात गुंडाळलेला होता, हीसुद्धा माहितीच असते. मग प्रत्येक फोटो पुढून-मागून स्कॅन करावा. स्टुडिओचा शिक्का आणि मागचे हस्ताक्षर बहुधा स्कॅन करायचे राहून जाते. नावे लिहायची तर मऊ पेन्सिलीने, पाठीमागे कडेला लिहावीत, बॉलपेनने नव्हे. सेलोटेप तर मुळीच लावू नये. कापाकापी, चिकटवाचिकटवी आणि खिळे हे सारे प्रतींवर करावे. (साध्या फोटोला मुद्दाम पिवळट रंग देण्याचा मोहही टाळावा.) घरातील वडीलधाऱ्यांना फोटो दाखवून त्यांचे बोलणे ध्वनिमुद्रित करावे, आणि दोघांच्या आठवणी जुळल्या नाहीत तर त्या तशाच ठेवाव्यात; तिच्या कामाला विषय बहुधा तेथेच सापडेल.