'कार्रेल्लाता' म्हणजे पॅन का?

प्रश्न असा आहे: इटालियन मूकपटांवर वाचताना दिग्दर्शक जोव्हान्नी पास्त्रोने यांच्या संदर्भात 'कार्रेल्लाता' हा शब्द सारखा भेटतो. त्याचा अर्थ पॅन असा घ्यावा का?

नाही. पॅनमध्ये कॅमेरा जागचा हलत नाही, नुसती मान वळवतो. कार्रेल्लातामध्ये तो जागा सोडून पुढे, मागे किंवा आडवा सरकतो. आपल्याकडे सेटवर सर्रास 'ट्रॉली शॉट' म्हणतात, तोच हा.

शब्दाची घडण फार देखणी आहे. 'कार्रो' म्हणजे गाडा. आपली 'कार'ही त्याच लॅटिन कुळातली. त्याला '-एल्लो' जोडलं की छोटा गाडा, 'कार्रेल्लो'. सुपरमार्केटात सामान भरून ढकलतो ती गाडीही कार्रेल्लोच. '-आता' जोडलं की त्या वस्तूने केलेली क्रिया: 'ओक्यो' म्हणजे डोळा, 'ओक्याता' म्हणजे टाकलेली नजर. तशी ही कार्रेल्लाता.

पास्त्रोने यांचं नाव या शब्दाशी जोडलं गेलं ते 'काबिरिया' या चित्रपटामुळे (१९१४). कॅमेऱ्याच्या चाकांच्या गाड्याचं पेटंट त्यांनी १९१२मध्ये घेतलं होतं. कॅमेरा हलवणारे ते पहिले नव्हेत; ल्युमिएर बंधूंचा कॅमेरामन प्रोमियो याने १८९६मध्येच व्हेनिसला गोंडोला नावेत बसून चित्रण केलं होतं. पण तिथे काठावरची घरं समोरून सरकत जातात, एवढंच. पास्त्रोने यांनी तूरिनला प्राचीन कार्थेजचे भव्य सेट उभारले होते आणि त्यांची खोली प्रेक्षकाला जाणवून द्यायची होती. कॅमेरा संथपणे तिरका आत शिरतो, पुढचा खांब मागच्या खांबावरून बाजूला होतो, आणि सपाट पडद्यावर अचानक आत जागा आहे असं वाटतं. मला हे आजही थक्क करतं. या गतीला इंग्रजी लेखनात काबिरियाचंच नाव मिळालं.

पुढे त्यांनी 'पिएरो फोस्को' या टोपणनावाने 'तिग्रे रेआले' (१९१६) वगैरे चित्रपट केले. ('फोस्को' म्हणजे अंधारलेला.) काही वर्षांतच ते चित्रपट सोडून वैद्यकीय संशोधनाकडे वळले.

भाषांतर करताना 'ट्रॉली शॉट' असंच लिहावं. नवा संस्कृत शब्द घडवायची गरज नाही. फक्त 'कार्रेल्लाता ओत्तिका' दिसलं तर सांभाळा. तो झूम आहे. त्यात भिंगच काम करतं, कॅमेरा जागीच राहतो, त्यामुळे खांब एकमेकांवरून हटत नाहीत. तिथे 'ट्रॉली' लिहिलं तर अर्थ उलटतो.